भ्यायची पाळी

भागूताईचं खरं नाव भागीरथी. पण तिला त्या नावानं हाक मारलेली मी कधी ऐकली नाही. आश्रमात आली तेव्हाच ती 'भागू' होती, आणि आठवडा उलटायच्या आत मुलांनी तिची 'भित्री भागूबाई' करून टाकली. भित्र्या माणसाला हे नाव मराठीत कुणी ठेवलं मला ठाऊक नाही, पण ज्यानं ठेवलं त्यानं आमच्या भागूताईला पाहिलं असणार, अशी लहानपणी माझी खात्री होती. पाल चुकचुकली की हिच्या हातातली कळशी निसटलीच. सायकलची घंटी वाजली की ही दाराआड. पोस्टमन फाटकाशी दिसला तर ही पदर तोंडाला लावून विचारायची, "कोन मेलं?" आता अनाथाश्रमातल्या पोरींना पत्र कोण लिहिणार, आणि आमच्यात मरायचं राहिलं तरी कोण होतं! पण पोस्टमन पुढे निघून गेला तरी तिच्या छातीतली धडधड बराच वेळ थांबायची नाही.

आणि ही बाई आम्हाला सांभाळायला ठेवलेली होती.

नेवाशाच्या अलीकडे, मोठ्या रस्त्याला लागून आमचा आश्रम. पत्र्याच्या दोन लांबट खोल्या, मध्ये अंगण, अंगणात एक लिंब आणि रस्त्याच्या बाजूनं तारेचं कुंपण. एका खोलीत मुलगे, दुसरीत आम्ही सहा मुली. मुलग्यांवर तात्यांची नजर असे. तात्या म्हणजे आश्रमाचे व्यवस्थापक. मनानं चांगले, आवाजानं वाईट. मुलींसाठी भागूताई. स्वयंपाक तिचा, आमच्या वेण्या तिच्याकडे, उवा तिच्याकडे, दुखलंखुपलं तिच्याकडे, आणि झोपायची ती खोलीच्या दारात आडवं अंथरूण टाकून. चोर आला तर आधी त्याला मला ओलांडावं लागेल, असं म्हणायची. चोराला त्यात काही कष्ट पडले नसते, कारण भागूताई अंगानं नुसती काडी होती आणि वयानं जेमतेम विशीची. आमच्यातल्या सगळ्यात मोठ्या सुमीहून ती सातआठ वर्षांनीच मोठी असेल. पण तिला 'ताई' सोडून दुसरं काही म्हणावं असं कुणाला वाटलं नाही.

आम्हीही काही शूर नव्हतो. अंधार, साप, तात्यांचा आवाज, सगळ्याच मुलांना वाटणारी भीती आम्हालाही वाटे. त्यावर आमची आणखी एक खास भीती होती. फाटकाशी अनोळखी माणूस दिसला की आम्हा सहाही जणींच्या पोटात गोळा यायचा. कुणाला तरी न्यायला आलेत. आणि माणूस पाणी पिऊन निघून गेला की दुसराच गोळा यायचा, की आपल्याला न्यायला कुणी येतच नाही. अशा पोरींना सांभाळायला आणखी एक भित्री ठेवल्यावर काय होणार? एका संध्याकाळी वावटळ आली, खोलीवरचा एक पत्रा उचकटला आणि धाडधाड आपटायला लागला. सहाही जणी बोंबललो. सगळ्यांत मोठ्यानं भागूताई. तात्या धावत आले आणि दारातूनच ओरडले, "अगं, सगळ्या एकदम कशाला बोंबलताय? एकीनं तरी गप बसा!"

हे भागूताईनं फार मनाला लावून घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी वेण्या घालता घालता तिनं आम्हाला सांगितलं, "आजपास्नं सगळ्यांनी येकदम भ्यायचं न्हाई. झाडायची पाळी आस्ती, पानी भरायची पाळी आस्ती, तशी आता भ्यायची पाळी. जिचा वार तिनं भ्यायचं. बाकीच्यांनी तिच्याजवळ बसायचं."

"आन मधीच भ्या वाटलं तर?" सुमीनं विचारलं.

"तर आपला वार येईस्तवर दम धरायचा."

वार वाटले गेले. सोमवार सगळ्यांत धाकट्या रखमीचा, मंगळवार माझा, म्हणजे मंदीचा, बुधवार सुमीचा, गुरुवार शांतीचा, असे करत शनिवार उरला तो भागूताईनं स्वतःकडे घेतला. तुम्हाला हसू येत असेल. आम्हाला नाही आलं. पोरं असले नियम फार गांभीर्यानं घेतात. शुक्रवारी मला मागच्या आडाची भीती वाटली, आत कुणीतरी हाक मारतंय असं वाटलं, तरी मी दात आवळून मंगळवारची वाट पाहिली. मंगळवारी जेवणं झाल्यावर सगळ्या माझ्याभोवती गुडघ्याला गुडघा लावून बसल्या, आणि मी भ्यायला सुरुवात करणार तर भीतीच येईना. मला रडू फुटलं. "ताई, भ्या वाटतच न्हाई!"

"मग ऱ्हाऊ दे," ती माझ्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली. "ह्या येळची पाळी वाया गेली म्हनायची."

माझ्या बऱ्याचशा पाळ्या पुढे अशाच वाया गेल्या.

नियम मोडायची ती फक्त भागूताई. शनिवारपर्यंत तिला दम निघत नसे. एकदा गुरुवारी सरपणात साप निघाला, तशी ती चुलीजवळून ताडकन उठली आणि शांतीचे दोन्ही हात धरून गयावया करायला लागली, "शांते, आजची पाळी मला दे गं माझे बाय, शनवारी तू घे." शांती पक्की. तिनं गुळाचा खडा कबूल करून घेतला, तो तोंडात टाकला, मग म्हणाली, "भी आता." आणि भागूताई जी किंचाळली, ती पलीकडच्या खोलीतून मुलगे काठ्या घेऊन धावत आले. साप कधीच निघून गेला होता.

या सगळ्यात तात्यांची मात्र पंचाईत झाली. सकाळी आम्ही अंगणात एकमेकींना ओरडून विचारायचो, "आज कुणाची पाळी गं?" दुसरी तितक्याच जोरात सांगायची, "सुमीची!" लिंबाखाली दात घासत बसलेले तात्या जोरात खाकरायचे, तांब्या उचलायचे आणि पाठ करून आत निघून जायचे. आम्हाला वाटे, तात्या कशाला तरी भितात. बायकांच्या महिन्याच्या अडचणीलाही पाळीच म्हणतात, हे आम्हा लहान पोरींच्या गावीही नव्हतं. भागूताईला माहीत असणारच. पण तात्यांना खुलासा करायची तिची छाती झाली नाही, आणि तिला विचारायची तात्यांची झाली नाही.

भागूताई सगळ्यांत जास्त कशाला भ्यायची, ते मात्र हसण्यासारखं नव्हतं. ती बैलांच्या घुंगरांना भ्यायची.

दसरा झाला की पाथर्डी-शेवगावाकडच्या बैलगाड्या आमच्या रस्त्यानं ऊसतोडीला निघत. एकामागं एक गाड्या, गाडीत भांडी, गोधड्या, कोंबड्या, म्हातारी माणसं, वर बसलेली पोरं. आम्ही कुंपणाशी धावायचो. तारेत हात अडकवून त्या पोरांना हात करायचो. आणि भागूताई हातातलं काम टाकून कोठीच्या खोलीत जायची, दार लोटून घ्यायची आणि धान्याच्या पोत्याला पाठ लावून बसायची. शेवटच्या गाडीचा आवाज विरेपर्यंत ती बाहेर यायची नाही. आम्हाला वाटे, बैलांना भिते. एकदा सुमीनं तिला नीटच विचारलं. तेव्हा तिनं लुगडं जरा वर करून नडगीवरचा पांढरा व्रण दाखवला आणि म्हणाली, "मी कोयता हुते."

आम्ही खो खो हसलो. कोयता म्हणजे ऊस तोडायचं हत्यार. माणूस कसा कोयता होईल? भागूताई हसली नाही. तिनं सांगितलं की टोळीत माणसं डोक्यानं मोजत नाहीत. नवरा ऊस तोडतो, बायको मोळ्या बांधून डोक्यावरून गाडीत टाकते, दोघं मिळून एक कोयता. एकटा असेल तो अर्धा, आणि अर्ध्याला मुकादम टोळीत घेत नाही.

"मला सुमीएवढी असताना कोयता केली," ती म्हणाली. "मंग तिसऱ्या सालाला मालकाला फडात पान लागलं." पान लागलं म्हणजे साप चावला, सापाचं नावसुद्धा ती घ्यायची नाही. "ते गेलं. मी ऱ्हायले अर्धी. अर्धीला कोन ठिवतंय?"

कारखान्याच्या दवाखान्यातल्या एका नर्सबाईनं तिला आमच्या आश्रमात आणून सोडलं होतं. याच्यापलीकडे तिनं स्वतःबद्दल कधी काही सांगितलं नाही. आम्हीही विचारलं नाही. त्या दिवसापासून घुंगरं वाजली की कुंपणाशी जायचा माझा पाय जड व्हायला लागला. गाडीवर बसलेल्या पोरींमधली कुठली नुसती पोर आहे आणि कुठली कोयता, हे बघत बसायची मला खोड लागली.

मग बहात्तर साल आलं. पाऊस पडलाच नाही. आमच्या आडाचा तळ दिसला, लिंबाची पानं भुरकट झाली, ज्वारीच्या जागी रेशनची ती परदेशी लाल मिलो आली, तिची भाकरी थापता थापता तुटायची आणि भागूताई तुकडे जोडत बसायची. त्या वर्षी गाड्या दसऱ्याचीही वाट न बघता निघाल्या. गावाकडे थांबून करायचं काय होतं? रस्त्यावर रोज घुंगरं, आणि भागूताई दिवसातला निम्मा वेळ कोठीत.

एका बुधवारी दुपारी घुंगरं जवळ आली आणि आमच्या फाटकाशी थांबली. जवळून जाणाऱ्या घुंगरांची आम्हाला सवय होती. थांबलेली घुंगरं आम्ही पहिल्यांदाच ऐकली. कोठीचं दार लोटल्याचा आवाज आला. आम्ही खोलीच्या भिंतीला चिकटून उभ्या राहिलो.

आत आला तो सुमीचा चुलता. ओरडणारा, दारू प्यालेला माणूस असता तर मला इतकं भ्या वाटलं नसतं. हा हात जोडून आला. तात्यांसमोर उकिडवा बसला, पाणी मागून प्याला, आणि अगदी मऊ आवाजात म्हणाला, "गुर्जी, पोरीला न्यायला आलोय. सख्ख्या भावाची पोर हाय."

"इतकी वर्षं नाही आलात ते?" तात्या म्हणाले.

"तवा खायाला घालायची ताकद नव्हती. आता तिची सोय झाली. माझा मेव्हना हाय, त्याची बाईल भादव्यात मेली. अर्धा ऱ्हायलाय. पोर आली की कोयता पुरा व्हतो. उद्याच्याला वाटंत देवाम्होरं हळद लावून घिऊ."

 तात्या म्हणाले, पोरगी शाळेत हुशार आहे. मग म्हणाले, वय लहान आहे. चुलता प्रत्येक वाक्याला मान डोलवत होता आणि जागचा हलत नव्हता. "रक्ताचं मानूस हाय मी गुर्जी. तुमी न्हाई कसं म्हंताल?" आणि खरंच, तात्यांना नाही म्हणता येईना. कोठीतली मिलो पोत्याच्या तळाला गेली होती. त्या साली एक तोंड कमी होणं ही आश्रमाला काही वाईट बातमी नव्हती, हे मला आज कळतं. त्या दिवशी एवढंच दिसलं, की तात्या सुमीकडे बघत नाहीयेत.

तेवढ्यात माझ्या मागं खुळखुळ असा आवाज यायला लागला. मी वळून बघितलं. भागूताई कोठीतून बाहेर आली होती आणि आमच्या दाराची कडी धरून उभी होती. ती इतकी थरथरत होती की कडी वाजत होती. तिला काहीतरी बोलायचं होतं. ओठ हलत होते, आवाज फुटत नव्हता. चेहरा राखेसारखा झाला होता. एवढं भ्यालेलं माणूस मी नंतर दवाखान्यात नोकरी करूनही फार कमी वेळा पाहिलं. तिला तसं बघून मला पहिल्यांदा वाटलं, की सुमीला आता नेणारच.

सुमी पुढं झाली. तिनं भागूताईचा हात कडीवरून सोडवून आपल्या हातात घेतला आणि आम्ही सकाळी अंगणात ओरडायचो तशा खणखणीत आवाजात म्हणाली, "ताई, तू नको भिऊस. आज बुधवार हाय. आज माझी पाळी हाय."

 तात्या खाकरले.

चुलत्यानं मान वर केली. "पाळी? यायला लागली व्हय हिला?" आणि त्याच्या तोंडावर हसू पसरलं. "मंग तर झालंच की गुर्जी! लग्नाचीच झाली पोर."

तो का हसतोय ते मला कळलं नाही. सुमीला वाटलं, आपण काहीतरी चुकलो. तिचा चेहरा पडला.

कडी आता वाजत नव्हती. भागूताई सुमीच्या पुढं येऊन उभी राहिली. आवाज फुटला, बारीक आणि चिरका.

"व्हय. आज तिची पाळी हाय. आज तिला शिवायचं न्हाई."

"मी कशाला शिवतोय? गाडीत बसंल की मागल्या बाजूला."

"गाडीत म्होरं देवाचं टोपलं आसंल ना तुमच्या? विटाळाची पोर त्या गाडीत घातली तर टोळीतली येक तरी बाई बसंल का तुमच्या गाडीत? आन हळद कशी लावताल? देवाम्होरं उभी करताल व्हय तिला आशी?"

चुलता तिच्याकडे बघतच राहिला. "तुला काय ठावं गं टोपल्याचं?"

"मी कोयता हुते," भागूताई म्हणाली.

तिचं मन वळवण्यात अर्थ नाही हे त्याला दिसलं असावं. तो तात्यांकडे वळला. "गुर्जी, तुमी सांगा. खरं हाय का ही म्हंती ते?"

तात्यांचे कान लालबुंद झाले. जमिनीकडे बघत ते कसंबसं म्हणाले, "हो... म्हणजे... सकाळीच माझ्या कानावर आलं होतं." तात्या जन्मात कधी खोटं बोलले नव्हते. त्या दिवशीही बोलले नाहीत.

चुलता उठला, फाटकाशी गेला आणि गाडीकडं बघून ओरडला, "ए, हिकडं ये. जरा बघ गं आत जाऊन."

सुमीची चुलती आत आली. गुडघ्यापर्यंत फुफाटा, हाताच्या बोटांना भेगा, डोक्यावरचा पदर दातात धरलेला. भागूताईनं तिला खोलीत घेतलं आणि दार पुढं ओढलं. ज्याच्याशी सुमीचं लग्न लावायचं होतं तो या बाईचा सख्खा भाऊ. चुलत्याला फसवणं निराळं, बाईमाणसाला फसवणं निराळं, हे भागूताई जाणून होती. ती पुन्हा थरथरायला लागली.

चुलती सुमीपासून दोन हात लांब उभी राहिली. "कवापासनं?"

"सकाळपासनं," सुमी म्हणाली. विचारल्याचं खरं उत्तर द्यायचं, एवढंच तिला माहीत. "काल मंदीची हुती. उद्या शांतीची."

भागूताईनं डोळे मिटले.

चुलतीनं माझ्याकडं बघितलं, शांतीकडं बघितलं, मग रखमीकडं. रखमी नाक ओढत अंगठा चोखत होती. "आन हिची?"

"सोमवारी," रखमीनं अंगठा काढून सांगितलं.

बाहेर बैलानं मान हलवली, घुंगरं वाजली.  चुलतीनं खालच्या आवाजात विचारलं, "कसली गं पाळी ही?"

"भ्यायची," सुमी म्हणाली.

"काय झालं गं?" बाहेरून चुलता ओरडला. "हाय का न्हाई?"

मला आजही ते दार, त्याच्या फटीतून आलेलं ऊन आणि त्या बाईची भेगाळलेली बोटं दिसतात. ती एक शब्द बोलली असती तर सुमी गेली असती. तिचा भाऊ त्या दुष्काळात पोटापाण्याला लागला असता. तिनं सुमीकडं बघितलं नाही. भागूताईच्या थरथरणाऱ्या हातांकडं बघितलं, आणि दाराकडं तोंड करून मोठ्यानं म्हणाली, "हाय. पाळी हाय. चार दीस शिवायची न्हाई."

जाताना उंबऱ्यात थबकून ती भागूताईला म्हणाली, "आमच्यात आशी वाटून घेत न्हाईत गं, माय. ज्याचं त्यानं रोज भ्यायचं."

चुलता चडफडला. मुकादम त्याच संध्याकाळी फाट्यावर कोयते मोजणार होता, तो चार दिवस थांबणार नव्हता. "हंगाम सुटला की येतो," असं म्हणून त्यानं बैल हाकले. घुंगरं लांब गेली. भागूताई लिंबाच्या मागं गेली आणि भडाभडा ओकली. तात्या म्हणाले, ऊन लागलं असेल, कांदा हुंगवा.

पुढचे चार दिवस तिनं सुमीला खरोखरच बाजूला बसवलं. वेगळं ताट, वेगळं अंथरूण. कुणी परत येऊन बघितलं तर? सुमी रडली, आम्ही लांबून तिला वेडावलं. पाचव्या दिवशी भागूताईनं तिला न्हाऊ घातलं आणि घट्ट पोटाशी धरलं.

आम्ही पोरी हरखून गेलो होतो. 'आज माझी पाळी हाय' हे सुमीचं वाक्य आम्ही नाटकासारखं करून दाखवायचो, एक चुलता व्हायची, एक तात्या व्हायची आणि खाकरायची. भागूताई मात्र त्यात कधी हसली नाही. सबंध हिवाळा ती अधूनमधून काम थांबवून रस्त्याकडं बघायची. एकदा तुटक्या भाकरीचा तुकडा जोडता जोडता आपल्याशीच म्हणाली, "कोयता अर्धा ऱ्हात न्हाई गं. कोनतरी गेली आसंल." हे ऐकून मला जी भीती वाटली तिला वार नव्हता. आपली सुमी वाचली म्हणजे दुसरी कुणी गेली, हे तोपर्यंत माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

उन्हं तापली आणि गाड्या परतायला लागल्या. आम्ही सुमीला रोज कोठीत लपवायचो. आणि एका दुपारी पुन्हा घुंगरं आली, तेव्हा भागूताई कोठीत गेली नाही. पदर खोचून ती फाटक उघडून रस्त्यावर गेली. आम्ही कुंपणाला लटकून बघत होतो. गाड्या चालत होत्या आणि ती बैलांच्या शिंगांना बिचकत, अंग चोरत एकेका गाडीत डोकावत होती. सुमीचा चुलता पहिल्या गाडीवर होता. त्यानं आमच्या फाटकाकडं ढुंकून बघितलं नाही. त्याला आता सुमी नको होती. मागून चुलती चालत येत होती. भागूताईनं तिला काहीतरी विचारलं. चुलतीनं नुसती मागच्या गाडीकडं मान केली.

त्या गाडीत पोत्यांवर एक पोर बसली होती. रखमीहून मोठी, माझ्याहून लहान. अंगावर मोठ्या बाईचं लुगडं, कपाळावर मळवट, आणि एका हाताला चिंध्या बांधलेल्या. भागूताई त्या गाडीच्या दांडीला धरून चालायला लागली. चालता चालता त्या पोरीशी बोलत होती. पोर आधी बघतच नव्हती, मग बघायला लागली. गाडी वळणापर्यंत गेली, भागूताईही गेली. आम्हाला वाटलं, ही त्या पोरीला उतरवून आणणार. मी तर माझ्या अंथरुणाशेजारी तिची जागासुद्धा ठरवली होती. भागूताई एकटीच परत आली.

"आनली का न्हाई तिला?" शांतीनं रागानं विचारलं.

"न्हाई देत," भागूताई म्हणाली. तिच्या पायांना धूळ होती आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं, ते ती पुसतही नव्हती. "तिला पाळी सांगून आले. म्हनलं, तुझा शनवार. तू नको भिऊस, तुझ्या वाटचं मी भिते हितं."

मी मोठी झाले, नगरला नर्सिंगला गेले. सुमी मास्तरीण झाली. भागूताई आश्रमातच राहिली, नव्या पोरींच्या वेण्या घालत, पालीला बिचकत. मी तिला शेवटची पाहिली ती अशीच सुट्टीत गेले होते तेव्हा. दुपार टळली होती. रस्ता रिकामा होता, हंगाम नव्हता, वारासुद्धा नव्हता, पोरं शाळेत गेलेली. ती खोलीच्या पायरीवर मांडीत हात घेऊन बसली होती आणि हात थरथर कापत होते. 

"ताई, काय झालं? कुणी आलंय का?"

"न्हाई गं. कोन येतंय आता?"

"मग?"

तिनं माझ्याकडं बघितलं, जणू मी काहीतरी विसरले होते. "शनवार हाय न्हवं," ती म्हणाली. "तिची पाळी."

मी हातातली पिशवी खाली ठेवली आणि तिच्याजवळ बसले.